नळदुर्गचा एकाकी अंमलदार

राज्यकारभाराच्या इतिहासांत तह, वसूल व रस्ते यांचा तपशील विपुल सांपडतो. परंतु ज्या मनांवर त्या कारभाराचा भार पडला, त्यांची नोंद क्वचितच आढळते. धाराशिव जिल्ह्यांतील नळदुर्गाशीं अशी एक नोंद निगडित आहे.

१८५३ च्या तहानें निजामानें धाराशिवचा मुलूख कंपनीच्या हवालीं केला व नळदुर्गचा कारभार फिलिप मेडोज टेलर यांजकडे आला. टेलर १८२४ सालीं, वयाच्या पंधराव्या वर्षीं, हिंदुस्थानांत आले. १८४४ सालीं त्यांच्या पत्नीचें निधन झालें. तत्पूर्वींच, १८४१ पासून, कर्नाटकांतील सुरपूर संस्थानाचा कारभार ते पाहत होते व तेथील बालराजा त्यांना 'आप्पा' म्हणे. पुढें नळदुर्गास बोरी नदीकांठच्या त्या भव्य किल्ल्याच्या सान्निध्यांत वसूल, न्याय, मोजणी व रस्ते हीं सर्व कामें त्यांच्या शिरावर पडलीं. भोंवतीं माणसें पुष्कळ. परंतु बरोबरीच्या नात्यानें मन मोकळें करावें असा मनुष्य क्वचितच. अधिकार वाढतो तसतसें एकटेपणहि वाढतें, तें असें.

१८५७ च्या धामधुमींत त्यांस वऱ्हाडांत धाडण्यांत आलें. १८५८ सालीं सुरपूरच्या त्याच राजानें बंड केलें. त्याची देहांताची शिक्षा सौम्य करण्यांत आली. तथापि कैदेंत असतांनाच पिस्तुलाची गोळी लागून त्याचा अंत झाला. ज्याला लहानाचा मोठा होतांना पाहिलें, त्याच्या उध्वस्त संस्थानाची व्यवस्था लावण्याचें काम टेलर यांच्याच वांट्यास आलें! १८६० सालीं प्रकृति ढांसळून त्यांनीं हा देश सोडला. त्याच वर्षीं नळदुर्गचा मुलूखहि निजामास परत गेला. ज्यासाठीं माणूस झिजला, तें काम असें एका सहीनें दुसऱ्याच्या हातीं जातें.

विलायतेस गेल्यावर त्यांनीं पुन्हां लेखणी उचलली. १८६३ सालीं प्रसिद्ध झालेल्या 'तारा' कादंबरीची नायिका तुळजापूरच्या पुजाऱ्याची कन्या आहे. थकलेलें मन विसांव्यासाठीं आमच्याच भवानीच्या डोंगराकडे वळलें, असें म्हणावयास काय हरकत आहे?

मात्र एक गोष्ट विसरतां कामा नये. साहेबांस लेखणी होती, वाचक होते, निघून जाण्यास मायदेश होता. त्यांच्या हाताखालीं दिवसभर मोडी खरडणाऱ्या कारकुनास व उन्हांत सांखळी ओढणाऱ्या मोजणीदारास यांपैकीं काय होतें? त्यांचीं मनें कोठें शिणलीं, कोठें मोडलीं, हें कोणत्या दप्तरांत शोधावें? आजहि कचेरींत शेजारीं बसणारा मनुष्य एकाएकीं अबोल झाला, तर आपण त्याच्या कामाची चौकशी आधीं करतों, त्याची मागाहून. इतिहासापासून घ्यावयाचा धडा तो हाच.