ओठांचे स्फुरण

डोळा लवला, ओठ फडफडला की शकुन पाहण्याची आपल्याकडे जुनी रीत. युरोपातील वैद्यांनी मात्र कारण मज्जातंतूत शोधले. १८७५ साली जर्मनीत शुल्त्से यांना, चेहऱ्याची एक बाजू वारंवार आकसणाऱ्या रुग्णाच्या शवविच्छेदनात, फुगलेली रोहिणी चेहऱ्याच्या मज्जातंतूवर दाबलेली आढळली. पुढच्याच वर्षी ख्वोस्टेक यांनी पेटके येणाऱ्या रुग्णांत कानापुढे टिचकी मारताच ओठ उडतो, हे नोंदविले. रक्तातील कॅल्शियमची उणीव त्यामागे असते, हे नंतर उमगले. (निरोगी माणसाचाही ओठ कधी असा उडतो.)

बहुधा जागरण, चिंता वा कॉफीचा अतिरेक एवढेच निमित्त असते आणि विश्रांतीने ते शमते. एकाच बाजूचे स्फुरण आठवडेच्या आठवडे टिकले तर डॉक्टरांना दाखवावे. तोंड वाकडे झाले तर तत्काळ. दाबणारी रोहिणी मऊ गादी घालून दूर सारण्याची शस्त्रक्रिया विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात रूढ झाली. १९८९ साली अमेरिकेत बोट्युलिनम विषाच्या अत्यल्प मात्रेच्या सुईलाही मान्यता मिळाली. तिचा गुण मात्र काही महिनेच टिकतो.