यक्षाच्या हातावरचं नाव

आलाँ रेने, ख्रिस मार्केर आणि गिलँ क्लोके या तिघांनी १९५३ साली अर्ध्या तासाची एक फ्रेंच फिल्म केली. नावाचा अर्थ 'पुतळेही मरतात'. स्टोरी नाही, हिरो नाही. कॅमेरा आपला म्युझियममधल्या आफ्रिकन मूर्ती-मुखवट्यांमधून फिरतोय आणि मागे निवेदन चालू. प्रश्न मात्र टोचणारा: ग्रीक पुतळा लूव्रमध्ये 'कला' म्हणून बसतो, मग आफ्रिकन मुखवटा मानववंशशास्त्राच्या म्युझियममध्ये 'नमुना' म्हणून का? आणि घडवणाऱ्या, पुजणाऱ्या माणसांपासून तोडल्यावर त्यात उरतं काय? वसाहतवादावर थेट बोट ठेवल्यामुळे फ्रेंच सेन्सॉरने ती दहाएक वर्षं अडवून ठेवली.

आता म्हणाल, याचा चाळीसगावशी काय संबंध? आहे ना!

चाळीसगावहून कन्नडचा घाट चढून गेलं की पितळखोरा. इ.स.पूर्व दुसऱ्या शतकाच्या सुमारास कोरायला घेतलेली बौद्ध लेणी. १९५० च्या दशकात पुरातत्त्व खात्याच्या म. न. देशपांडे यांनी तिथला ढिगारा उपसला, त्यात एक यक्ष निघाला. बुटका, ढेरपोट्या, डोक्यावर भांडं तोलून धरलेला आणि चक्क हसणारा! आज तो दिल्लीच्या राष्ट्रीय संग्रहालयात असतो.

गंमत त्याच्या हातावर आहे. तिथे ब्राह्मीत कोरलंय: कण्हदासेन हिरमकरेन कता. म्हणजे, कण्हदास नावाच्या सोनाराने हा केला. सोनाराने, पाथरवटाने नव्हे! आपण कोडच्या वर कॉमेंटमध्ये नाव टाकतो ना, तसं. फरक एवढाच की हे नाव दोन हजार वर्षं टिकलंय.

फिल्ममधल्या मुखवट्यांच्या कारागिरांचं नाव कुणी विचारलंच नाही. आपला यक्ष या बाबतीत नशीबवान. पण अर्धाच. कारण तो ज्या लेण्यासमोर उभा होता ती दरी, तो धबधबा, पैठणच्या गांधिकाने दिलेल्या दानाचा शिलालेख, हे सगळं इकडे राहिलं आणि तो तिकडे.

मग परत आणावा का? मला नाही वाटत. पितळखोऱ्याचा दगड ठिसूळ आहे, लेण्यांचे दर्शनी भाग ढासळलेत. उघड्यावर तो कितपत टिकला असता, शंकाच आहे. पण निदान त्याचा एक मोठा फोटो, कण्हदासच्या नावासकट, लेण्यापाशी लावायला काय हरकत आहे? पाहुणे आले की आपण त्यांना अजिंठ्याला नेतो. एकदा या सोनाराच्या गावालाही न्या की राव!