सावेदादांचा कॅमेरा

भारतीय सिनेमाचा इतिहास म्हटला की आपण दादासाहेब फाळक्यांपासून सुरुवात करतो, आणि ते योग्यच आहे. ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशनमध्ये लागला. पण त्याच्या चौदा वर्षं आधी मुंबईतच आणखी एका मराठी माणसाने चित्रीकरण केलं होतं. योगायोग असा, की त्यांचंही नाव हरिश्चंद्रच. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सर्वांचे सावेदादा.

सावेदादा व्यवसायाने छायाचित्रकार. ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंच्या छोट्या चित्रफितींचा खेळ झाला. तिकीट होतं एक रुपया. हे नवल पाहून सावेदादांनी इंग्लंडहून एकवीस गिनींना कॅमेरा मागवला. १८९९ मध्ये हँगिंग गार्डनला पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी या दोन पैलवानांची कुस्ती ठरवून त्यांनी ती चित्रित केली. रीळ धुण्यासाठी लंडनला पाठवावं लागलं. पुढचा विषय होता माकडं आणि त्यांना खेळवणारा मदारी. ना कथा, ना नट. आज आपण ज्याला माहितीपट म्हणतो, त्याची आपल्याकडची ही सुरुवात. तेव्हाचं रीळ बघता बघता संपायचं आणि कॅमेऱ्याचा दांडा हाताने, एकाच लयीत फिरवावा लागायचा.

आपल्या गणिताच्या सरांना आवडेल अशी गोष्ट यापुढची आहे. दापोलीजवळच्या मुर्डी गावचे रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे १८९९ मध्ये केंब्रिजचे सीनिअर रँग्लर झाले. हा मान मिळवणारे ते पहिले भारतीय. डिसेंबर १९०१ मध्ये ते मायदेशी परतले, तेव्हा मुंबईत झालेलं त्यांचं स्वागत सावेदादांनी टिपलं. ही भारतातली पहिली वृत्तचित्रफीत मानली जाते. गणितात पहिल्या आलेल्या मुलासाठी गर्दी जमली आणि त्या गर्दीपुढे कॅमेरा उभा राहिला, याचं मला अजून अप्रूप वाटतं.

१९०३ मध्ये त्यांनी लॉर्ड कर्झनचा दिल्ली दरबार चित्रित केला. पुढे मात्र ते चित्रीकरणातून बाजूला झाले आणि मुंबईच्या गेइटी थिएटरचं व्यवस्थापन पाहू लागले. १९५८ मध्ये ते गेले. मूकपट, बोलपट, रंगीत चित्रपट असा सगळा प्रवास त्यांच्या हयातीत झाला.

त्यांची ती रिळं मात्र आज नाहीत. त्या काळची फिल्म नायट्रेटची असे. ती चटकन पेट घेते आणि नीट ठेवली नाही तर आपोआप कुजते. पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ मध्ये स्थापन झालं, सावेदादांच्या निधनानंतर सहा वर्षांनी. त्यामुळे ती कुस्ती आणि रँग्लरांचं ते स्वागत आपल्याला फक्त वाचूनच माहीत आहे.

मी सॉफ्टवेअरमध्ये काम करते. महत्त्वाच्या माहितीची एकच प्रत कधी ठेवायची नाही, हा आमच्याकडचा पहिला धडा. म्हणून या स्मरणिकेच्या निमित्ताने वर्गमित्रांना एक विनंती. आपल्या गॅदरिंगच्या व्हिडिओ कॅसेट कुणाकुणाच्या माळ्यावर आहेत. त्या टेपला बुरशी लागते आणि कॅसेट लावायला व्हीसीआरही आता मिळत नाही. आपले जे शिक्षक आज हयात नाहीत, त्यांचा आवाज त्या कॅसेटींशिवाय दुसरीकडे कुठेच नाही. संमेलनाला येताना त्या सोबत आणा. त्या डिजिटल करून घेण्याचं आणि त्यांच्या प्रती तीन वेगवेगळ्या ठिकाणी ठेवण्याचं काम मी अंगावर घेते. सोबत जुने ग्रुप फोटोही आणा. मागच्या बाजूला पेन्सिलीने सगळ्यांची नावं लिहा, आणि त्यात आपल्या शिपाईकाकांचं नाव विसरू नका.