“संसर्ग नाही, मग गोळी कशाला?” : एका संधिसाधू जंतूची गोष्ट

माझ्या काही रुग्णांच्या चिठ्ठीवर एक गोळी अशी असते, की तिच्याबद्दल प्रश्न हमखास येतो. कुणाला संधिवातासाठी जास्त डोसमध्ये स्टेरॉइड चालू असतं, कुणाची किडनी बदललेली असते, कुणाची ब्लड कॅन्सरची केमोथेरपी चालू असते, कुणी एचआयव्हीसह जगत असतं. गोळी तशी जुनीच आहे, कोट्रायमॉक्साझोल. बरेच जण तिला ‘सेप्ट्रान’ या नावाने ओळखतात.

“डॉक्टर, मला ताप नाही, खोकला नाही, एक्स-रे चांगला आहे. मग ही अँटिबायोटिक कशाला? तुम्हीच तर सांगता ना, उगाच अँटिबायोटिक घेऊ नका म्हणून!”

प्रश्न रास्त आहे. त्याचं उत्तर मी दोन वाक्यांत देऊ शकतो, पण दोन वाक्यांनी ते पटत नाही आणि न पटलेली गोळी महिन्याभरात बंद होते, हा माझा अनुभव आहे. म्हणून आज या गोळीमागची गोष्टच सांगतो. साधारण शंभर वर्षांची आहे, पण वाचायला दहा मिनिटं पुरतील.

उंदरांच्या फुप्फुसातला पाहुणा

1909 साली ब्राझीलमध्ये कार्लोस शागास नावाचे डॉक्टर एका परोपजीवी जंतूचा अभ्यास करत होते. त्या जंतूमुळे होणाऱ्या आजाराला आज त्यांचंच नाव आहे. प्रयोगातल्या गिनीपिगच्या फुप्फुसांत त्यांना बारीक गोल कोश दिसले. आपल्याच जंतूची ही एक अवस्था असावी, असं त्यांना वाटलं. पुढच्याच वर्षी साओ पावलोमध्ये अंतोनियो कारिनी यांना उंदरांच्या फुप्फुसांत तसेच कोश आढळले.

1912 साली पॅरिसच्या पाश्चर इन्स्टिट्यूटमधल्या डेलानोए पती-पत्नींनी गटारातले उंदीर तपासले. त्या उंदरांमध्ये शागास किंवा कारिनी यांचा परोपजीवी नव्हता, पण फुप्फुसांतले कोश मात्र होते. म्हणजे हा जंतू वेगळाच होता. ‘न्यूमो’ म्हणजे फुप्फुसाशी संबंधित आणि ‘सिस्ट’ म्हणजे कोश. त्यावरून नाव पडलं न्यूमोसिस्टिस, आणि कारिनींच्या सन्मानार्थ पुढे ‘कारिनी’.

ज्या उंदरांत तो सापडला, ते धडधाकट होते. जो जंतू कुणाला आजारी पाडत नाही, त्याच्याकडे डॉक्टर कशाला लक्ष देतील? पुढची कित्येक वर्षं तो प्रयोगशाळेतलं एक कुतूहल म्हणूनच राहिला.

अनाथालयांतली बाळं

दुसऱ्या महायुद्धाच्या काळात आणि त्यानंतर मध्य युरोपातल्या अनाथालयांत आणि बालरुग्णालयांत एक विचित्र न्यूमोनिया दिसू लागला. आजारी पडणारी बाळं काही महिन्यांची असत, बहुतेक अपुऱ्या दिवसांची किंवा कुपोषित. सुरुवातीला बाळ नीट दूध पीत नसे. मग श्वास जलद होई, ओठ निळे पडत. ताप फारसा नसे आणि खोकलाही बेताचा. मृत बाळांच्या फुप्फुसातल्या हवेच्या पिशव्या फेसाळ पदार्थाने भरलेल्या दिसत.

कारण सापडत नव्हतं. शेवटी 1952 च्या सुमारास चेकोस्लोव्हाकियातल्या योसेफ वानेक आणि ओट्टो यिरोवेत्स यांनी दाखवून दिलं, की त्या फेसात आहे तो उंदरांचा जुना ओळखीचा न्यूमोसिस्टिसच. पुढे कळलं, की माणसात आढळणारी जात उंदरांतल्या जातीपेक्षा वेगळी आहे. तिला आज यिरोवेत्स यांच्या नावावरून ‘न्यूमोसिस्टिस जिरोव्हेसी’ म्हणतात.

पण हा जंतू याच बाळांच्या मागे का लागला? उत्तर त्यांच्या उपासमारीत होतं. शरीराला अन्न कमी पडलं, की प्रतिकारशक्ती ढासळते.

त्याच दशकात प्रयोगशाळेतून दुसरा पुरावा मिळाला. कॉर्टिसोन हे स्टेरॉइड तेव्हा नवीन होतं. निरोगी दिसणाऱ्या उंदरांना काही आठवडे ते दिलं, तर त्यांना हाच न्यूमोनिया होई. गंमत अशी, की त्यांच्या शरीरात हा जंतू कुणीच मुद्दाम सोडलेला नसे. जंतू त्यांच्या आसपास होताच. स्टेरॉइडने पहारा ढिला केला आणि त्याने हातपाय पसरले.

आपलंही तसंच आहे. बहुतेक मुलांच्या रक्तात तीन-चार वर्षांच्या वयापर्यंत या जंतूविरुद्धच्या अँटिबॉडीज सापडतात. म्हणजे तुमची आणि माझी त्याच्याशी भेट लहानपणीच झालेली आहे, आपल्याला पत्ताही लागला नाही. अशा संसर्गांना आम्ही ‘संधिसाधू संसर्ग’ म्हणतो, तो या अर्थाने.

कॅन्सर आटोक्यात, पण मूल गेलं

1960 च्या दशकात लहान मुलांच्या ब्लड कॅन्सरवर, म्हणजे ल्युकेमियावर, प्रभावी उपचार मिळू लागले. अमेरिकेत मेम्फिस इथलं सेंट ज्यूड रुग्णालय त्यात आघाडीवर होतं. एकेकाळी हा आजार म्हणजे मृत्यूच समजला जाई. आता मुलं त्यातून सावरू लागली. पण त्यातली काही मुलं कॅन्सर आटोक्यात असतानाच न्यूमोनियाने दगावत. केमोथेरपीने कॅन्सरच्या पेशींबरोबर बचाव करणाऱ्या पांढऱ्या पेशीही मारल्या होत्या आणि न्यूमोसिस्टिसला संधी मिळाली होती.

औषध होतं, पेंटामिडिन. आफ्रिकेतल्या ‘निद्रारोगा’साठी ते वापरलं जाई आणि 1958 साली हंगेरीतल्या डॉक्टरांनी ते न्यूमोसिस्टिस झालेल्या बाळांवर वापरून पाहिलं होतं. पण ते इंजेक्शनने द्यावं लागे, किडनीला त्रास देई आणि रक्तातली साखरही बिघडवे.

सेंट ज्यूडमधल्या डॉ. वॉल्टर ह्यूज यांनी वेगळा विचार केला. आजार झाल्यावर धावपळ करण्यापेक्षा तो होऊच दिला नाही तर? उंदरांवरच्या प्रयोगात कोट्रायमॉक्साझोलचा उपयोग दिसला होता. मग कॅन्सरचे उपचार घेणाऱ्या 160 मुलांचे दोन गट केले. 80 मुलांना रोज ही गोळी दिली आणि 80 मुलांना तशीच दिसणारी, पण औषध नसलेली. निकाल 1977 साली प्रसिद्ध झाला. औषध नसलेल्या गटात 17 मुलांना न्यूमोसिस्टिस न्यूमोनिया झाला. औषध घेणाऱ्या 80 पैकी एकालाही झाला नाही.

वैद्यकशास्त्रात इतका स्वच्छ निकाल क्वचितच पाहायला मिळतो. 1987 साली ह्यूज यांनी हेही दाखवलं, की आठवड्यातले तीन दिवस गोळी घेतली तरी पुरतं. तुमच्या चिठ्ठीवर ‘आठवड्यातून तीन दिवस’ लिहिलेलं असेल, तर त्याचं मूळ इथे आहे.

अटलांटातल्या औषधांच्या नोंदी

पेंटामिडिनला तेव्हा अमेरिकेत फारशी मागणी नव्हती. त्यामुळे 1967 पासून ते अटलांटातल्या सीडीसी या सरकारी संस्थेकडूनच मिळे. डॉक्टरांनी रुग्णाची माहिती द्यायची, कारण सांगायचं, मग औषध पाठवलं जाई. कारण बहुधा ठरलेलंच असे : ल्युकेमिया, किडनी प्रत्यारोपण, जन्मजात कमी प्रतिकारशक्ती.

हे काम सांभाळणाऱ्या सँड्रा फोर्ड यांच्या 1981 च्या सुरुवातीला लक्षात आलं, की तरुण पुरुषांसाठी मागण्या येत आहेत आणि त्यांच्या प्रतिकारशक्ती कमी असण्याचं कारण डॉक्टरांना सांगता येत नाही. त्यांनी ही गोष्ट वरिष्ठांना कळवली. तिकडे लॉस एंजेलिसमध्ये डॉ. मायकेल गॉटलिब आणि त्यांचे सहकारी असेच रुग्ण पाहत होते. 5 जून 1981 रोजी सीडीसीच्या साप्ताहिक अहवालात त्यांची नोंद छापून आली : पाच तरुण समलैंगिक पुरुष, आधी निरोगी, सगळ्यांना न्यूमोसिस्टिस न्यूमोनिया, त्यातले दोन मरण पावलेले.

ज्या आजाराला पुढच्या वर्षी ‘एड्स’ हे नाव मिळालं, त्याची ही पहिली वैद्यकीय नोंद. एचआयव्हीचा विषाणू 1983 साली सापडला, तोही पॅरिसच्या त्याच पाश्चर इन्स्टिट्यूटमध्ये. विषाणू माहीत होण्याच्या दोन वर्षं आधी हा न्यूमोनिया सांगत होता, की या माणसांची प्रतिकारशक्ती कशाने तरी पोखरली आहे.

आता यातला दुःखद भाग. हा न्यूमोनिया टाळता येतो, हे 1977 पासून छापील स्वरूपात उपलब्ध होतं. न्यूयॉर्कमधल्या डॉ. जोसेफ सॉनबेंड यांच्यासारखे काही डॉक्टर आपल्या रुग्णांना ही गोळी देतही होते. सर्वांना द्यावी, म्हणून मायकेल कॅलन यांच्यासारख्या रुग्णांनी आग्रह धरला. तरी एचआयव्हीच्या रुग्णांना हा न्यूमोनिया होऊ नये म्हणून आधीपासून औषध द्यावं, अशी अमेरिकी सरकारची सूचना यायला 1989 साल उजाडलं. तोपर्यंत एड्सच्या रुग्णांचा जीव घेणाऱ्या आजारांत हा न्यूमोनिया अगदी वरच्या क्रमांकावर होता. गोळी स्वस्त होती आणि दुकानात उपलब्धही होती.

आपल्याकडे काय झालं?

भारतात एचआयव्हीचा संसर्ग पहिल्यांदा 1986 साली चेन्नईत उघडकीला आला, तो डॉ. सुनीती सॉलोमन आणि त्यांच्या विद्यार्थिनी निर्मला यांच्या चिकाटीमुळे. डॉ. सुनीती माहेरच्या गायतोंडे, चेन्नईत स्थायिक झालेल्या मराठी कुटुंबातल्या. पुढे त्यांनी एड्सच्या उपचारांसाठी आणि संशोधनासाठी जी संस्था काढली, तिला वडिलांचं, वाय. आर. गायतोंडे यांचं नाव दिलं.

आपल्याकडे एचआयव्हीच्या रुग्णांना सर्वाधिक त्रास दिला तो क्षयरोगाने. संधिसाधूच, पण आपल्या परिसरात मुक्कामाला असलेला. न्यूमोसिस्टिसही होताच. 2004 पासून सरकारी एआरटी केंद्रांतून एचआयव्हीची औषधं मोफत मिळू लागली. ज्यांच्या सीडी-4 पेशी कमी आहेत, त्यांना तिथे कोट्रायमॉक्साझोलही दिलं जातं.

दरम्यान, 1988 साली जनुकांच्या तपासणीतून कळलं, की हा जंतू मुळात एक बुरशी आहे. पण बुरशीची नेहमीची बहुतेक औषधं तिच्यावर चालत नाहीत, कारण ती ज्या घटकावर मारा करतात तो या बुरशीच्या आवरणात जवळपास नसतोच. म्हणून बुरशी असूनही तिच्यासाठी आजही सल्फाची तीच जुनी गोळी.

तुमच्यासाठी याचा अर्थ

एचआयव्हीवर उत्तम औषधं आली, त्यामुळे आज हा न्यूमोनिया एचआयव्ही नसलेल्यांमध्येही बराच दिसतो : दीर्घकाळ स्टेरॉइड घेणारे, अवयव प्रत्यारोपण झालेले, कॅन्सर किंवा संधिवातासाठी प्रतिकारशक्ती दाबणारी औषधं घेणारे. त्यांच्यात तो काही दिवसांतच बळावतो आणि जास्त घातक ठरतो. म्हणून काही गोष्टी लक्षात ठेवा.

* ही गोळी आज असलेल्या संसर्गासाठी नाही. तुमचा पहारा काही काळ कमी आहे, तेवढ्या काळासाठी ती आहे. कधी थांबवायची ते डॉक्टर ठरवतील. एचआयव्हीत सीडी-4 पेशी पुरेशा वाढून स्थिर राहिल्या, की ती बंदही करता येते.
* प्रत्येक स्टेरॉइड घेणाऱ्याला ती लागत नाही. पाच दिवसांचा छोटा कोर्स असेल, तर नाही. डोस, कालावधी आणि सोबतची औषधं पाहून निर्णय होतो. शेजाऱ्यांची चिठ्ठी पाहून स्वतःहून सुरू करू नका.
* सल्फाची अ‍ॅलर्जी असेल, तर आधी सांगा. गोळी सुरू केल्यावर अंगावर पुरळ आलं किंवा तोंडात फोड आले, तर गोळी थांबवून लगेच दाखवा. तिला पर्यायी औषधं आहेत.
* कोरडा खोकला, बारीक ताप आणि जिना चढताना पूर्वी न लागणारी धाप, ही या आजाराची खूण आहे. छाती तपासताना कधी काहीच ऐकू येत नाही. कोविडच्या काळात आपण थोडं चालून ऑक्सिजन मोजायचो, आठवतं? इथेही बसून ठीक असलेला ऑक्सिजन चालल्यावर उतरू शकतो. अशा वेळी दोन दिवस वाट पाहत घरी थांबू नका.
* स्टेरॉइड घाबरून एकदम बंद करू नका, ते वेगळं संकट ओढवून घेणं आहे. आणि सांधेदुखीसाठी कुणाकडून पुड्या घेत असाल, तर तेही सांगा. काही पुड्यांत स्टेरॉइड मिसळलेलं असतं. तुम्हाला ते माहीत नसतं आणि मलाही नसतं.

शेवटची गोष्ट फार महत्त्वाची आहे. सँड्रा फोर्ड यांना शंका आली, कारण त्यांच्या नोंदीत ‘प्रतिकारशक्ती कमी का?’ याचं उत्तर रिकामं होतं. मीही तापाच्या रुग्णासमोर बसतो तेव्हा मला दोन गोष्टी कळाव्या लागतात : जंतू कोणता आणि तो कुणाच्या शरीरात आहे. पहिलं तपासण्या सांगतील. दुसरं तुम्हीच सांगू शकता. म्हणून पुढच्या वेळी कोणत्याही डॉक्टरकडे जाताना चालू असलेल्या सगळ्या औषधांची पाकिटं एका पिशवीत घालून सोबत न्या. पुड्यासुद्धा.