घटिकापात्र

पाण्याच्या आधारे काळ मोजण्याचे प्राचीन भारतीय साधन. अर्धगोलाकार तांब्याच्या वाटीच्या तळाला बारीक छिद्र असते. ती पाण्याने भरलेल्या घंगाळात सोडली की खालून पाणी चढत जाते. २४ मिनिटांनी, म्हणजे एका घटिकेने, वाटी बुडते. अहोरात्राच्या घटिका ६०, घटिकेची पळे ६०. छिद्रात कचरा अडकला की काळ लांबतो, त्यामुळे पाणी गाळलेले हवे. वाटीचे वजन आणि छिद्र पाडायची सुई यांची मापे जुन्या ग्रंथांत काटेकोर दिलेली आहेत. ‘सिद्धान्तशिरोमणी’त (११५०) भास्कराचार्य मात्र त्यांत अडकत नाहीत: अहोरात्रात वाटी किती वेळा बुडते ते मोजा आणि त्यावरून तिचे मान ठरवा. हा मार्ग अधिक शहाणपणाचा. त्यांची मुलगी मानल्या गेलेल्या लीलावतीच्या लग्नात मोती पडून छिद्र बुजल्याची गोष्ट प्रसिद्ध असली, तरी ती दंतकथाच.

महाराष्ट्रात लग्नघटिका साधायला भटजी हेच पात्र मांडत. आज मुंबईत अंधेरी-बोरिवली, मुलुंड-घाटकोपरच्या हॉलमध्ये मुहूर्त मोबाइलवर पाहतात. पंचांगातील घटी-पळे स्थानिक सूर्योदयापासून मोजतात. मुंबईची स्थानिक वेळ मात्र मोबाइलवरच्या भारतीय प्रमाणवेळेच्या सुमारे ३९ मिनिटे मागे. हा फरक वाटीला कधीच जाणवला नसता.