शिपाईमामा

बास्केटबॉल हा उंच माणसांचा खेळ आहे, असं सगळे म्हणतात. माझी उंची पाच फूट तीन इंच, त्यामुळे मला ते मान्य करण्यावाचून गत्यंतर नाही. पण या खेळाचा इतिहास चाळला, तर त्याच्या पहिल्याच पानावर उंच माणूस भेटत नाही. भेटतो एक शिपाई.

१८९१ चा डिसेंबर. अमेरिकेतलं स्प्रिंगफील्ड गाव. बाहेर बर्फ, त्यामुळे वायएमसीएच्या शाळेतली दांडगी पोरं आत कोंडलेली. त्यांना दमवण्यासाठी जेम्स नायस्मिथ नावाच्या मास्तरांनी एक नवा खेळ रचला. त्यासाठी त्यांना दोन चौकोनी खोकी हवी होती. त्यांनी इमारतीच्या शिपायाला, स्टेबिन्सला, विचारलं. खोकी नव्हती. सरकारी कचेरीतला शिपाई असता तर 'नाहीत' म्हणून स्टुलावर जाऊन बसला असता. स्टेबिन्सनं तळघरातून पीच नावाच्या फळाच्या दोन टोपल्या आणून दिल्या. गॅलरीच्या कठड्याला त्या ठोकल्या. कठडा दहा फुटांवर होता, म्हणून रिंग आजही दहा फुटांवर. टोपल्यांना बूड होतं, त्यामुळे दर गोलानंतर कुणीतरी वर चढून चेंडू काढायचा. त्या दिवशी खोकी सापडली असती, तर आज जगभर 'बॉक्सबॉल' चालला असता.

पुढे हा खेळ टीव्हीच्या पडद्यावर आला. १९७८ साली अटारी कंपनीनं घरच्या यंत्रासाठी 'बास्केटबॉल' काढला. तो ॲलन मिलर यांनी रचला. दोनच खेळाडू, हातपाय काडेपेटीतल्या काड्यांसारखे. पण रचणाऱ्याचं नाव खोक्यावर नाही! लोणच्याच्या बरणीवर कारखानदाराचं नाव असतं, लोणचं घालणाऱ्या बाईचं नसतं, तसा प्रकार. मिलर आणि त्यांचे काही सहकारी यावर रुसले आणि १९७९ मध्ये त्यांनी 'ॲक्टिव्हिजन' हा स्वतंत्र संसार थाटला. कंपनीतून फुटून वेगळी चूल मांडणं ही फक्त आपल्या नाटकमंडळ्यांची परंपरा आहे, असं मी समजत होतो.

१९८२ साली ट्रिप हॉकिन्स यांनी 'इलेक्ट्रॉनिक आर्ट्स' काढली आणि हिशेब पार उलटा केला. खेळ रचणारा म्हणजे कलावंत, त्याचं नाव वेष्टनावर हवंच. वेष्टनसुद्धा ग्रामोफोनच्या तबकडीसारखं झोकदार. हॉकिन्सना बास्केटबॉलचं वेड. १९८३ मध्ये त्यांनी ॲपल-२ वर एक खेळ आणला : 'वन ऑन वन'. रचना एरिक हॅमंड यांची. खेळाडू दोन, पण खरे, नावानिशी : फिलाडेल्फियाचे ज्युलियस अर्व्हिंग ऊर्फ डॉक्टर जे, आणि बॉस्टनचे लॅरी बर्ड. खऱ्या खेळाडूंची नावं मिरवणाऱ्या अगदी सुरुवातीच्या खेळांपैकी हा एक. लांबून टाकण्यात बर्ड भारी, आत घुसून उडी मारण्यात डॉक्टर. दोघेही पळून पळून दमायचे, आणि एखादी झकास चाल पडदा पुन्हा संथ गतीनं दाखवायचा. हे सगळं ज्या यंत्रात बसलं, त्यात मावणाऱ्या मजकुरापेक्षा हल्लीच्या मोबाइलमधला मांजराचा फोटो मोठा असतो.

हा खेळ लवकरच कमोडोर-६४ वर आला, आणि १९८६ च्या सुमारास मामाच्या बॅगेतून दुबईमार्गे मुलुंडला. मामानं यंत्र आमच्या कृष्णधवल टीव्हीला जोडलं. बटण दाबलं की उडी, सोडलं की चेंडू, एवढं शास्त्र त्यानं समजावलं. डॉक्टर आणि बर्ड यांच्यातला फरक इतकाच, की एक करडा होता आणि दुसरा जरा जास्त करडा. शेजारचे गुजराती काका दारातूनच विचारायचे, "केटला रन थया?" आमच्या पट्ट्यात बास्केटबॉलची ओळख म्हणजे शाळेच्या मैदानातला एक गंजका खांब आणि त्याला टांगलेलं पीटीच्या सरांचं पंचं.

आजी मेथी निवडत बसली होती. तिला या उड्यांत काडीचा रस नव्हता. इतक्यात मामाच्या डॉक्टरनं असा काही चेंडू वरून ठोसला, की काचेच्या बोर्डाचा चुरा झाला! आम्ही ओरडलो. आणि कोपऱ्यातून एक माणूस आला. हातात झाडू. तो काचा झाडू लागला आणि झाडता झाडता, कुणाच्या तरी नावानं बोटं मोडावीत तसा, पुटपुटू लागला.

आजीनं मेथी बाजूला ठेवली. "हा कोण रे?"

"झाडूवाला आहे, आई."

"एवढ्यांत हा एकटाच काय तो काम करतोय," आजी म्हणाली. "आणि बोलतोय ते बरोबरच आहे. मोडायचं यांनी, निस्तरायचं त्यानं."

त्या दिवसापासून आमच्या घरी तो 'शिपाईमामा' झाला. खरा मामा जरा दुखावला.

बोर्ड फोडण्याची कल्पना हवेतून आलेली नव्हती. १९७९ साली डॅरिल डॉकिन्स या अर्व्हिंग यांच्याच संघातल्या पहिलवानानं सुमारे तीन आठवड्यांच्या अंतरानं दोन बोर्ड फोडले होते. त्यावर संघटनेनं नियम केले, पुढे जोर पडल्यावर वाकणारी रिंग आली. डॉकिन्सची कीर्ती झाली. त्या काचा कुणी गोळा केल्या, हे मात्र कुठल्या स्कोअरकार्डात नसतं. हॅमंड यांच्या खेळात ते होतं, म्हणून तो मला आवडतो. काच फुटली की ती झाडावी लागते, एवढी संसारी अक्कल मी फार थोड्या खेळांत पाहिली आहे. हल्ली राक्षस मरतात, इमारती कोसळतात, आणि पुढच्या क्षणी रस्ता लख्ख!

नायस्मिथ १९३९ साली गेले. त्यांचं बास्केटबॉलवरचं पुस्तक १९४१ मध्ये निघालं. त्यात खोक्यांची आणि टोपल्यांची हकिगत आहे, आणि स्टेबिन्स हे नावही आहे. 'वन ऑन वन'च्या वेष्टनावर डॉक्टरांचं, बर्डचं आणि हॅमंडचं नाव आहे. शिपाईमामाला पडद्यावर नाव नव्हतं. मामा बोर्ड फोडायला लागला की आजी आतून ओरडायची, "आत्ताच झाडलंय रे त्यानं, जरा दम धर!"