‘कुंकू’चे कथाकार नारायण हरि आपटे

बोलपटाची कीर्ती नटनटींच्या आणि दिग्दर्शकाच्या वाट्यास येते. ज्याच्या लेखणीतून ती कथा उतरली, त्याचे नाव पडद्यावर क्षणभर झळकून जाते. सांगलीजवळील समडोळी येथे १८८९ साली जन्मलेले कादंबरीकार नारायण हरि आपटे यांची गत काहीशी अशीच झाली आहे. त्यांच्या ‘भाग्यश्री’ कादंबरीवरून ‘प्रभात’ने १९३४ साली ‘अमृतमंथन’ काढला. तो भव्य होता खरा. परंतु आपट्यांचे खरे सामर्थ्य पाहावयाचे तर १९३७ सालच्या ‘कुंकू’कडेच वळले पाहिजे. ‘न पटणारी गोष्ट’ या आपल्याच कादंबरीची ही पटकथा त्यांनी स्वतः लिहिली व शांतारामबापूंनी दिग्दर्शित केली.

विषय जरठविवाहाचा, म्हणजे महाराष्ट्रास नवा नव्हे. देवलांची ‘शारदा’ १८९९ सालीच रंगभूमीवर आली होती. पण देवलांनी ते लग्न लागूच दिले नाही. वधूवर सगोत्र असल्याचे उघडकीस येते आणि भर मांडवात विवाह मोडतो. म्हणजे शारदेची सुटका होते ती शास्त्राधारे. ‘हा अन्याय आहे’ हे कारण तेथे पुरे पडत नाही! आपट्यांनी लग्न लागू दिले आणि मग विचारले, आता पुढे काय?

पोरकी नीरा मामाच्या फसवणुकीने वृद्ध वकील काकासाहेबांच्या घरी येते आणि पत्नी होण्याचे साफ नाकारते. ती पळून जात नाही, विहीर जवळ करीत नाही. त्याच घरात राहून ती नकार देत राहते. अंगचटीस येणाऱ्या सावत्र मुलास छडीने झोडपते. शांता आपटे यांनी ही नीरा उभी केली. केशवराव दात्यांचे काकासाहेबही निव्वळ खलपुरुष नव्हेत. त्यांस आपला अपराध हळूहळू उमगत जातो, आणि आमच्या मते लेखकाची खरी कसोटी येथेच होती. थेरड्याची टर उडविणे सोपे असते. त्यास लाज वाटावयास लावणे कठीण.

शेवटी काकासाहेब नीरेस मोकळीक देणारे पत्र लिहून आत्मघात करतात. हा शेवट कित्येकांस नाटकी वाटतो. आम्हांस मात्र त्यात तत्कालीन कायद्याचे बिनचूक चित्र दिसते. विधवेस पुनर्विवाहाची मुभा १८५६ सालीच मिळाली होती. सधवेस मात्र मुंबई इलाख्यात घटस्फोट नव्हता. नीरेस मोकळे होण्यास नवऱ्याने मरणे एवढाच कायदेशीर मार्ग होता! १९२९ चा शारदा कायदा वधूवरांचे किमान वय पाहत होता; वराच्या कमाल वयास त्यात मर्यादा नव्हती. शिवाय तो ब्रिटिश मुलखापुरता. आम्ही ज्या चारठाण्यातून हे लिहीत आहोत, ते तेव्हा निजामाच्या राज्यात असल्याने त्याचा एवढाही आधार येथील मुलींस नव्हता.

आपटे १९७१ साली वारले. तत्पूर्वी, १९५५ च्या हिंदू विवाह कायद्यात फसवणुकीने संमती मिळवून लावलेला विवाह न्यायालयाकडून रद्द करविण्याची सोय झाली होती. काकासाहेब जिवंत असताना नीरेस दाद मागता येईल, असे हे कलम झाले तेव्हा तिच्या जनकाने वयाची पासष्ट वर्षे पुरी केली होती.